वीस क्ष वजा सहा क्ष अधिक चार क्ष

माझा स्वभाव तापट. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं वाचून कुणी मला बिचारी वगैरे म्हणायला नको. शिवाजी पेठेत फुटबॉलचा सामना जिंकून पोरं गाड्यांचे हॉर्न वाजवत गल्लीतून जायला लागली, की खिडकीत येऊन त्यांच्यापेक्षा मोठ्यानं ओरडणारी जी बाई आहे, ती मी. पोरं हसतात, बाई चिडल्या म्हणतात आणि हॉर्न आणखी वाजवतात. नवरा म्हणतो, तुमच्या शाळेला घंटेची गरजच नव्हती. खरं आहे त्याचं. माझा आवाज तीन वर्ग ओलांडून जायचा आणि त्याचा मला अभिमान होता.

शाळा वारणानगरजवळच्या एका गावात. रोज सकाळी कोल्हापूरच्या स्टँडवरून एस्टी, संध्याकाळी परत. निम्मी मुलं साखर कारखान्याच्या कॉलनीतली, निम्मी गावातल्या शेतकऱ्यांची. मी मराठीची बाई. कविता, व्याकरण, निबंध यात मला तालुक्यात कुणी हरवलं नसतं. पण एका वर्षी गणिताच्या सरांची बदली झाली, जागा रिकामी राहिली आणि मुख्याध्यापकांनी सातवीचं गणित माझ्या गळ्यात मारलं. तात्पुरतं आहे म्हणाले. ते तात्पुरतं सहा वर्षं चाललं.

गणिताची मला भीती वाटली नाही, कारण मला मंत्र येत होता. माझ्या पिढीतल्या कुणालाही झोपेतून उठवून विचारा, म्हणून दाखवेल: कंचेभागुबेव. लांबलचक पदावली समोर आली की आधी काय करायचं आणि नंतर काय, त्याचा हा क्रम. आधी कंस सोडवायचा, मग 'चे', म्हणजे 'विसाचे निम्मे' यातला चे, मग भागाकार, मग गुणाकार, मग बेरीज आणि सगळ्यात शेवटी वजाबाकी. लहानपणी आम्ही तो पाढ्यांसारखा चालीवर म्हणायचो. मी तीच चाल सातवीला दिली. चाळीस पोरं एका सुरात कंचेभागुबेव म्हणायला लागली की व्हरांड्यातून जाणारे मुख्याध्यापक थांबून ऐकायचे. मला भारी वाटायचं.

त्याचा अर्थ काय, हे मी कधी कुणाला विचारलं नव्हतं. बेरीज आधी, वजाबाकी नंतर, एवढं पक्कं ठाऊक होतं. पुस्तकातल्या बहुतेक गणितांत कंस असायचे, त्यामुळं निभावून जायचं. कधीतरी एखाद्या गणिताचं माझं उत्तर पुस्तकामागच्या उत्तराशी जुळायचं नाही. तेव्हा मी काय करायची? छपाईची चूक आहे, दुरुस्त करून घ्या, असं सांगायची. चाळीस मुलं पुस्तकातलं बरोबर उत्तर पेननं खोडायची आणि त्यावर माझं चुकीचं लिहायची. आज हे लिहितानासुद्धा माझे कान गरम होतात.

त्यातल्या एका वर्षी वर्गात एक मुलगी होती. बाप कारखान्यात बॉयलरवर, आई कॉलनीतल्या तीन घरी चपात्या करायला जायची. मुलगी काटक, दोन वेण्या, एका वेणीची रिबीन कायम सुटलेली. तिचं नाव मी इथं लिहिणार नाही. तेवढं तरी तिचं तिच्याकडं राहू दे. दुसऱ्या बाकावर बसायची आणि प्रश्न विचारायची. सारखे. शून्यानं भागलं तर काय होतं, अपूर्णांकाला अपूर्णांक का म्हणतात, तो अपुरा आहे तर पुरा कधी होणार. क्ष तर तिला फारच आवडला होता. बीजगणित नुकतंच सुरू झालं होतं. क्षच्या जागी काहीही धरता येतं, आंबा, पेन, माणूस, असं मी सांगितलं, तर तिनं वहीच्या मागच्या पानावर काय काय धरता येईल त्याची यादीच केली. पान भरलं, मग पुठ्ठ्यावर लिहिलं. मी ती बघितली आणि वही खराब केली म्हणून तिला झापलं.

तिला कारखान्यात केमिस्ट व्हायचं होतं. कॉलनीतल्या मुलांना कारखाना आतून माहीत असतो. हंगामात तिथं उसाचा रस तपासायला पांढरा कोट घातलेली माणसं असतात, ती तिनं बापाचा डबा द्यायला जाताना बघितली होती. त्यांत बाई एकही नव्हती. मधल्या सुट्टीत ती मैत्रिणींना सांगायची की पहिली बाई मी होणार. बापानं तिच्यासमोर एक अट ठेवली होती, तीही ती मोठ्या तोऱ्यात सांगायची. गणितात हुशार निघालीस तर कर्ज काढून शिकवतो, नाहीतर दहावीनंतर लग्न. गणितात आपण हुशार आहोत याबद्दल तिला तेव्हा कसलीच शंका नव्हती.

आणि ती हुशार होतीच. हे मला तेव्हाही कळत होतं. पण माझं कसं होतं सांगू का, मला हुशार मुलं आवडायची, फक्त ती मी शिकवलेलंच बोलली पाहिजेत.

त्या दिवशी 'सोपे रूप द्या' या प्रकारची गणितं चालली होती. पुस्तकातली संपली, तास संपायला वेळ होता, म्हणून मी पदरचं एक फळ्यावर घातलं. वीस क्ष वजा सहा क्ष अधिक चार क्ष. कंस नाही, गुणाकार नाही, एकदम सोपं. मी सोडवूनही दाखवलं. बेरीज आधी, म्हणून सहा क्ष आणि चार क्ष मिळून दहा क्ष. वीस क्षमधून दहा क्ष गेले, राहिले दहा क्ष. मुलांनी वहीत उतरवून घेतलं. हिनं हात वर केला आणि अठरा क्ष येतात म्हणाली.

मी म्हटलं, मंत्र म्हण. तिनं म्हटला. मग बे आधी की व आधी, विचारलं. बे आधी, म्हणाली, पण तरी अठराच येतात. मी बस म्हटलं. ती बसली नाही. तिचा आवाज उद्धट नव्हता, हे मला आज नीट आठवतं. तिला खरोखर कोडं पडलं होतं.

"बाई, क्ष म्हंजे माणूस धरूया. एस्टीत वीस माणसं हायत. कोडोलीला सहा उतरली, चार चढली. मग एस्टीत दहाच माणसं कशी?"

वर्ग हसला. बहुधा एस्टीला हसला असेल, पण मला वाटलं मलाच हसला. रोज त्याच एस्टीनं यायची हो मी. कोडोलीच्या थांब्यावर रोज माणसं चढता-उतरताना बघायची. नुसती डोळे मिटून ती गाडी डोळ्यांपुढं आणली असती तरी पुरलं असतं. पण राग आला की माझ्या डोक्यात दुसऱ्या कशाला जागा राहत नाही.

"एस्टीचं गणित एस्टीत," मी म्हणाले. "इथं पुस्तकातलं गणित चालतं."

ती पुन्हा 'पण बाई' म्हणाली, आणि माझा पारा चढला. तिला वही घेऊन व्हरांड्यात उभं केलं. कंचेभागुबेव शंभर वेळा लिही म्हटलं. ऑक्टोबर महिना होता, त्या व्हरांड्यात दुपारी सरळ ऊन यायचं. शाळा सुटेपर्यंत ती उभी होती. वही मांडीवर घेऊन बसायची परवानगी मी दिली नव्हती, म्हणून भिंतीला वही टेकवून उभ्यानं लिहीत होती. शंभर झाल्यावर वही माझ्यापुढं ठेवली. मी मोजली नाहीत. सही केली आणि एस्टी चुकेल म्हणून निघाले.

त्यानंतर तिनं माझ्या तासाला हात वर केला नाही. एकदाही नाही. प्रश्न बंद झाले, वर्ग शांत झाला, माझा पाठ्यक्रम वेळेत पूर्ण व्हायला लागला. वार्षिक परीक्षेत तशाच प्रकारचं एक गणित मी मुद्दाम घातलं. तिनं बेरीज आधी केली, चुकीचं उत्तर काढलं आणि मी तिला पूर्ण गुण दिले. पेपरावर लाल पेननं शाबास लिहिलं. प्रगतिपुस्तकात 'वर्तनात चांगली सुधारणा' असा शेरा मारला. माझं अक्षर सुंदर आहे, तो शेरा छान दिसत असणार.

पुढं ती हायस्कूलला गेली आणि माझ्या नजरेआड झाली. दहावीला बीजगणितात नापास झाल्याचं मला एस्टीत कळलं, हायस्कूलच्या क्लार्ककडून. ऑक्टोबरला पुन्हा बसली, पुन्हा बीजगणितच राहिलं. मग लग्न झालं, गावातच, ऊसवाहतुकीच्या ट्रॅक्टरवर असलेल्या मुलाशी. मी क्लार्कला म्हणाले, मला वाटलंच होतं. आपण मोठे जाणते आहोत असा चेहरा करून म्हणाले आणि खिडकीबाहेर बघायला लागले.

मी निवृत्त झाले त्याला आता तीन वर्षं झाली. मोबाइलवर आमचा निवृत्त शिक्षकांचा ग्रुप आहे. सकाळी सुविचार, दुपारी औषधं, संध्याकाळी कोडी. गेल्या वर्षी कुणीतरी एक कोडं टाकलं: नऊ वजा तीन अधिक दोन बरोबर किती? खाली लिहिलं होतं, भलेभले चुकतात. मी पटकन चार लिहिलं. बाकीच्यांनी आठ लिहिलं. झालं, मी पेटले. कंचेभागुबेव विसरलात काय, कसले शिक्षक तुम्ही, पगार फुकट घेतलात, काय काय लिहिलं. दोन दिवस एकटी लढत होते. कुणी कॅल्क्युलेटरचा फोटो टाकला, त्यात आठ. मी लिहिलं, ते यंत्र परदेशी, त्याला आपला नियम काय माहीत. नवरा पेपरामागून म्हणाला, जेवून घे, मग भांड. त्यालाही बोलले.

तिसऱ्या दिवशी फोन आला. तेच गणिताचे सर, ज्यांच्या जागी मला उभं केलं होतं. सत्तरी ओलांडलेला माणूस, बोलणं अगदी सावकाश. ग्रुपवर सगळ्यांसमोर बोलणं बरं दिसलं नसतं म्हणून फोन केला, म्हणाले. मग त्यांनी मला समजावून सांगितलं, सातवीतल्या पोराला सांगावं तसं. बेरीज आधी म्हणजे ज्या पदांच्या अंगावर अधिकचं चिन्ह आहे ती सगळी आधी गोळा करायची. नऊ आणि दोन, अकरा. मग ज्याच्या अंगावर वजा आहे ते काढायचं. अकरातून तीन गेले, आठ. चिन्ह हे त्याच्या पुढच्या पदाचं असतं, पद जिथं जाईल तिथं ते बरोबर जातं. तुम्ही तीनचं वजा दोनलाही चिकटवता, म्हणाले, आणि जो आत आलाय त्यालाही बाहेर काढता.

मी हं हं करत होते. शेवटी त्यांनी सहज विचारलं, शाळेत मुलांना असं तर शिकवलं नव्हतं ना तुम्ही. मी म्हटलं, छे हो, आता वयामुळं विसरायला होतं. खोटं बोलले. इतक्या चटकन बोलले की माझं मलाच नवल वाटलं.

फोन ठेवला आणि स्वयंपाकघरात जाऊन बसले. गॅसवर दूध होतं, ते उतू गेलं तरी उठले नाही. सहा वर्षं, दरवर्षी चाळीस मुलं, याचा हिशोब डोक्यात आला नाही. डोक्यात आला तो भिंतीला वही टेकवून लिहिणारा एक हात. तिनं विचारलं होतं की नाही? विचारलं होतं. समजावून सांगितलं होतं, चारचौघांत, उदाहरण देऊन, माझ्या रोजच्या एस्टीचं उदाहरण देऊन. बारा वर्षांच्या पोरीला जे दिसत होतं ते मला दिसलं नाही, आणि दिसत नाही म्हणायची लाज वाटली म्हणून मी तिचे डोळे बांधले.

नवऱ्याला सांगितलं. तो शांत माणूस, तीस वर्षं कचेरीत फायली सांभाळल्या, कुणाला दुखवायचं नाही ही त्याची सवय. एका गणितानं कुणाची दहावी जात नाही, म्हणाला. त्या पोरीनं पुढं अभ्यास केला नसेल, घरचं काही असेल. मी त्याच्यावर भडकले. मग थोड्या वेळानं म्हटलं, खरंही असेल तुझं. पण ती विचारायची थांबली ना. विचारायची थांबली ती माझ्यामुळं. त्यानं हातातला पेपर घडी करून ठेवला. मग म्हणाला, जाऊन सांग तिला.

शाळेच्या जुन्या शिपायाला फोन केला. ती गावातच आहे, म्हणाला. अंगणवाडीत मदतनीस आहे. खिचडी शिजवणं, झाडलोट, पोरांना घरून घेऊन येणं. मागं सेविकेची जागा निघाली होती, मदतनीस बाईला आधी संधी असते, पण दहावी पास पाहिजे. हिचा एकच विषय राहिलेला. गावातल्यांनी सांगून बघितलं, परीक्षेला बस म्हणून. नाही म्हणाली. मग बाहेरून एक तरुण मुलगी सेविका म्हणून आली. तीही आता लग्न करून जाणार आहे, तेव्हा जागा पुन्हा निघेल.

हे ऐकल्यावर माझ्या डोक्यात सगळं ठरूनच गेलं. मी जाणार, माफी मागणार, दर रविवारी एस्टीनं जाऊन तिला बीजगणित शिकवणार, बाहेरून परीक्षेचा फॉर्म भरणार, ती पास होणार, सेविका होणार. केमिस्ट नाही तर नाही. त्यासाठी मी आधी स्वतः शिकले. सरांकडं चार वेळा गेले, त्यांच्या पुढ्यात बसून दहावीची गणितं सोडवली, चुकले, पुन्हा सोडवली. खोटं बोलल्याचंही त्यांना सांगितलं. त्यांनी पुढचं गणित घातलं, त्यांच्या बायकोनं पोहे दिले. साठी उलटल्यावर मला बीजगणित कळायला लागलं आणि आवडायलाही लागलं, हे कुणाला सांगायचं?

गेल्या महिन्यात गेले. एस्टीत खिडकीशी बसले होते. कोडोलीला माणसं उतरली, चढली. मी बघितलं नाही.

अंगणवाडी म्हणजे एक खोली, पुढं पत्र्याची पडवी. पोरं खिचडी खात होती. ती पातेल्याशी उभी होती, साडी खोचलेली, अंगानं तशीच काटक, केसांत दोन-चार पांढऱ्या बटा. मला बघितलं आणि लगेच ओळखलं. हात पुसत आली, पाया पडली. सेविका म्हणजे पंचवीस-सव्वीसची मुलगी, खुर्चीत बसून रजिस्टर भरत होती. तिला हिनं मोठ्या कौतुकानं सांगितलं, म्याडम, ह्या माझ्या बाई, लई कडक, ह्यांच्यामुळं आम्हाला वळण लागलं. मला खाली मान घालावीशी वाटली. प्लास्टिकची खुर्ची पुसून मला पडवीत बसवलं, स्वतः पायरीवर बसली. मुलगा आयटीआयला आहे, मुलगी नववीत, नवऱ्याची कंबर धरते, सगळं सांगितलं. मी ऐकत होते आणि कसं सुरू करावं ते मला कळत नव्हतं. ओरडायला मला कधी शब्द शोधावे लागले नाहीत.

शेवटी विचारलं, तुला मी एकदा व्हरांड्यात उभं केलं होतं, आठवतं का. आठवत होतं. पाय लई दुखलंतं, म्हणाली आणि हसली. गणित कुठलं होतं ते मात्र आठवत नव्हतं. एस्टीचं बोलली होती तेही नाही. "मी लई आगाव होतो तवा, बाई," म्हणाली. आमच्याकडच्या बायका स्वतःबद्दल अशाच बोलतात, मी होतो, मी गेलो. "तुम्ही मला सुधारलासा."

मी पिशवीतून वही काढली. तेच वीस क्षचं गणित लिहिलं. अधिकची पदं एका बाजूला घेऊन दाखवली, चिन्ह कसं पदाबरोबर जातं ते सांगितलं, एस्टी सांगितली, अठरा क्ष काढून दाखवले. हे तू सांगितलं होतंस, म्हटलं. तू बरोबर होतीस, मी चुकले होते. मी तुला उन्हात उभं केलं आणि तू बरोबर होतीस. हे वाक्य मी घरी कितीदा तरी म्हणून बघितलं होतं.

तिनं वहीकडं बघितलं, डोळ्यांवर येणारं ऊन हातानं अडवलं. मला वाटत होतं ती रडेल, नाहीतर चिडेल. चिडावी अशी माझी फार इच्छा होती. दोन शब्द लावून बोलली असती तर मी ते आयुष्यभर जपून ठेवले असते. ती म्हणाली, असू दे बाई, हुतंय की. आणि चहा ठेवायला उठायला लागली. मी हात धरून तिला बसवलं आणि माझा सगळा बेत सांगितला, रविवार, फॉर्म, एकच विषय, सेविकेची जागा. ती मान हलवत राहिली.

"न्हाय बाई. गणित माझ्या डोक्याचं काम न्हाय. तुम्हीच म्हणलासा की."

मी म्हटलं, मी कधी म्हणाले? मला खरंच आठवत नव्हतं. तिला सगळं आठवत होतं. सातवीच्या निकालाचा दिवस होता. तिचे वडील पाळी संपवून आले होते, अंगावर कारखान्याचेच कपडे होते. त्यांनी मला मुद्दाम थांबवून विचारलं होतं, पोरगी गणितात कशी आहे, पुढं शिकवण्याजोगी आहे का. आणि मी म्हणाले होते, पोरगी कामसू आहे, वळणाची आहे, पण गणित तिच्या डोक्याचं काम नाही. शब्द न् शब्द तिनं मला म्हणून दाखवला, माझ्याच सुरात. इतकी वर्षं तिनं तो जपून ठेवला होता, आणि मला तो दिवससुद्धा आठवत नव्हता.

मी विचारलं, मग वडील काय म्हणाले. काय म्हणणार, म्हणाली, बाईंनीच सांगितल्यावर. रागानं नाही म्हणाली. सांगण्यासारखं त्यात काही नाही अशा आवाजात म्हणाली.

मला ते सोसलं नाही. आणि मला काही सोसलं नाही की मी काय करते ते तुम्हाला माहीत आहे. मी ओरडले. अगं, मग आता मीच सांगतेय ना तुला, म्हटलं, मी चुकले होते, मला काही येत नव्हतं, बघ जरा त्या वहीत, बघ आणि तूच सांग किती येतात. खिचडी खाणारी पोरं गप्प झाली. एक रडायला लागलं. सेविका दारात येऊन उभी राहिली.

आणि ती उठून उभी राहिली. पस्तिशीची बाई, दोन मुलांची आई, पायरीवरून उठली आणि माझ्यासमोर हाताची घडी घालून सरळ उभी राहिली. वहीकडं तिनं बघितलंच नाही. माझ्या तोंडाकडं बघत होती, उत्तर कुठलं दिलं तर बाई शांत होतील ते शोधत.

"अठरा, बाई."

"का अठरा?" मी विचारलं. आवाज खाली आणायचा खूप प्रयत्न केला. "सांग ना. का?"

"तुम्ही म्हणलासा म्हणून."

सेविकेनं आतून हाक मारली, पोरांची ताटं उचलायची होती. आलो म्याडम, म्हणाली, माझ्याकडं बघून जाऊ का असं नजरेनंच विचारलं, आणि मी मान हलवल्यावर आत गेली.